यादीत अडलेले नाव

लग्नाच्या निमंत्रितांची यादी करताना बहुतेक घरांत कुठेतरी एक नाव अडते. बांधावरून कोर्टात गेलेला काका, चार माणसांत पिऊन तमाशा करणारा मामा, प्रत्येक कार्यात कोणाला तरी टोमणे मारून रडवणारी मावशी, बायको-मुलांना टाकून गेलेला बाप, लहानपणी वाईट वागलेला चुलतभाऊ. या सगळ्यांबद्दल घरात एकाच सुरात ‘त्यांचं काय करायचं?’ असे विचारले जाते. प्रश्न मात्र एकच नसतो. काहींशी भांडण असते, काहींचा त्रास असतो आणि काहींपासून धोका असतो. या तिन्हींची सरमिसळ झाली की निर्णय हटकून चुकतो. भांडलेल्याचे नाव गाळले जाते आणि ज्याची भीती वाटते त्याला ‘एका दिवसाचा तर प्रश्न आहे’ म्हणून पुढच्या रांगेत बसवले जाते.

मराठी लग्नातले निमंत्रण ही नुसती तारीख-वेळेची सूचना नसते. पहिली पत्रिका गणपतीपुढे किंवा कुलदैवतापुढे ठेवतात. मग ग्रामदैवत, वडीलधारी मंडळी, भावकी, सोयरे आणि शेवटी मित्र-परिचित असा क्रम लागतो. जवळच्यांना घरी जाऊन, कुंकू लावून, अक्षत देऊन बोलावतात. खेड्यांत आवतणाचेही प्रकार आहेत. एक घरटी एका माणसाचे, आणि दुसरे चूलबंद, म्हणजे त्या दिवशी त्या घरात चूल पेटू नये, सगळ्यांनी लग्नघरीच जेवावे असे. वर्षानुवर्षे चूलबंद आवतण असलेल्या घराला अचानक घरटी एकाचे आले, की नाते एक पायरी उतरल्याचे गावाला न सांगता कळते. पत्रिकेवरच्या नावांचेही तसेच आहे. चार सख्ख्या भावांपैकी तिघांचीच नावे ‘निमंत्रक’ म्हणून छापली, तर ती पत्रिका ज्या ज्या घरी जाईल तिथे भांडणाची बातमीही जाते. शहरात आता व्हॉट्सअॅपवर पत्रिका पाठवतात आणि मित्रमंडळींना ती पुरते. सख्ख्या आत्याला तेवढीच आली, तर ती ‘मला बोलावलंच नाही’ म्हणते, आणि रिवाजाच्या हिशोबाने तिचे काही चुकत नाही.

वगळले जाण्याचे दुःख किती खोल जाते, यावर मानसशास्त्रात बरेच काम झाले आहे. अमेरिकेतील संशोधक किपलिंग विल्यम्स यांनी त्यासाठी संगणकावरचा एक साधा खेळ वापरला. तिघांनी एकमेकांकडे चेंडू फेकायचा. थोड्या वेळाने दोघे आपसांतच खेळू लागतात आणि तिसऱ्याकडे चेंडू येणे थांबते. ही माणसे त्याला अनोळखी, खेळही बिनमहत्त्वाचा, तरी काही मिनिटांत त्या तिसऱ्याचे मन खट्टू होते. समोर माणसे नसून संगणकच खेळत आहे, हे आधी सांगितले तरी परिणाम फारसा कमी होत नाही. २००३ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात नाओमी आयझेनबर्गर, मॅथ्यू लीबरमन आणि विल्यम्स यांनी या खेळाच्या वेळी घेतलेल्या मेंदूच्या प्रतिमांचा अभ्यास प्रसिद्ध केला. वगळले गेल्यावर मेंदूचा जो भाग अधिक सक्रिय दिसला, त्याचा संबंध शारीरिक वेदनेशीही जोडला जातो. दहा वर्षे बोलणे नसलेला काका ‘मी तसाही येणार नव्हतो’ म्हणतो आणि तरीही पत्रिका आली नाही हे आयुष्यभर लक्षात ठेवतो, यात विसंगती नाही. ते दुखणे खरे असते. यादी करणाऱ्याने ते हिशोबात धरले पाहिजे. मात्र प्रत्येक वेळी निर्णय तेवढ्यावरूनच व्हावा असे नाही.

लग्नात जुने वैर कसे उफाळते, याची एक नेमकी कथा भागवताच्या दहाव्या स्कंधात आहे आणि ती विदर्भातली आहे. रुक्मिणीचा भाऊ रुक्मी याला बहिणीचे लग्न शिशुपालाशी करायचे होते. कृष्णाने तिला कुंडिनपुराहून नेले. परंपरेने हे गाव म्हणजे अमरावती जिल्ह्यातले, वर्धा नदीकाठचे कौंडण्यपूर. पाठलाग करणाऱ्या रुक्मीचा पराभव झाला, बहिणीच्या विनवणीमुळे जीव वाचला, पण कृष्णाने त्याचे केस-मिशा भादरून त्याला सोडले. तो अपमान घेऊन रुक्मी भोजकट नगरीत राहिला. पुढे बहिणीच्या समाधानासाठी त्याने आपली मुलगी कृष्णाच्या मुलाला, प्रद्युम्नाला दिली आणि नंतर नातही प्रद्युम्नाच्या मुलाला, अनिरुद्धाला दिली. त्या लग्नासाठी यादव मंडळी भोजकटला आली. लग्न नीट पार पडले. त्यानंतर कलिंगाच्या राजाने रुक्मीला चिथावले आणि बलरामाला द्यूताला बसवले. बलराम जिंकला तरी रुक्मीने ते नाकारले, ‘गुराख्यांना फासे काय कळणार’ अशा अर्थाचे बोलला, आणि बलरामाने त्याला तिथेच ठार केले. कृष्ण यावर बरे-वाईट काहीच बोलला नाही. बोलला असता तर बायको किंवा भाऊ, दोघांपैकी एक दुखावला असता.

या कथेतली एक बारीक गोष्ट आजच्या कार्यालयातही जशीच्या तशी दिसते. भडका विधीच्या वेळी उडाला नाही. तो मागून, रिकाम्या वेळात, तिसऱ्याच्या चिथावणीवरून आणि जुन्या अपमानाच्या भाषेत उडाला. लग्नातली भांडणे बहुधा अंतरपाटाजवळ होत नाहीत. आदल्या रात्री गाद्या टाकून पडल्यावर, जेवणाची पंगत लांबल्यावर किंवा आहेराच्या साड्या वाटताना ती होतात. म्हणूनच ‘त्यांना बोलावावे का’ या प्रश्नाबरोबर ‘कशाला बोलावावे’ हाही विचारायला हवा. देवक, घाणा आणि हळद हे घरातले, दाटीचे आणि लांबणारे कार्यक्रम. मुहूर्त आणि जेवण त्याहून मोकळे. संध्याकाळचे स्वागत सर्वांत मोकळे: माणसे येतात, व्यासपीठावर भेटतात, जेवतात आणि जातात. ज्यांच्याशी धड बोलणे नाही पण ज्यांना वगळणेही जिवावर येते, अशांसाठी मुहूर्त आणि जेवण एवढे निमंत्रण पुरेसे असते.

महाराष्ट्रात भावंडांमधल्या दुराव्याचे एक मोठे कारण जमीन आहे, आणि त्याबद्दलचे गैरसमज निमंत्रणापर्यंत येऊन पोचतात. वडिलोपार्जित संपत्तीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क महाराष्ट्राने १९९४ मध्ये, तोवर लग्न न झालेल्या मुलींपुरता दिला. केंद्राच्या ९ सप्टेंबर २००५ पासूनच्या दुरुस्तीने लग्न झालेल्या मुलींनाही तो मिळाला. त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात ऑगस्ट २०२० मध्ये स्पष्ट केले. याचा परिणाम असा झाला की साठीतल्या बहिणी भावांकडे हिस्सा मागू लागल्या आणि काही भावांनी त्याचे उत्तर ‘आता तुझं माहेर तुटलं’ असे दिले. भाच्याच्या लग्नाची पत्रिका न पाठवणे ही त्या उत्तराची जाहीर पद्धत. काही घरांत उलटी भीती असते: आत्याला मानाने बोलावले तर तिचा हक्क मान्य केल्यासारखे होईल. दोन्ही समजुतींना आधार नाही. पत्रिका दिल्याने हिस्सा सिद्ध होत नाही आणि न दिल्याने बुडत नाही. आहेराची साडी स्वीकारली म्हणून बहिणीचा हक्क संपत नाही. त्यासाठी तिने स्वेच्छेने केलेले नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागते. कायद्याने मिळालेला हिस्सा मागणे हे वाईट वागणे नव्हे. तेवढ्या कारणावरून आत्याचे नाव गाळणारे घर दाव्यात एक रुपयाही वाचवत नाही, फक्त एक माणूस गमावते. लग्नाच्या गर्दीत तिला बाजूला घेऊन कागदावर सही मागणे हे तर त्याहून वाईट. तो विषय दोन्ही बाजूंनी त्या दिवसापुरता बंद ठेवता येतो.

दुरावलेल्या घरी निमंत्रण द्यायला कोणी जावे, याला फार महत्त्व असते. ज्याचे भांडण आहे त्याने एकट्याने जाणे जोखमीचे. नवऱ्या मुलाने किंवा नवऱ्या मुलीने स्वतः, दोन्ही घरे ज्यांचे ऐकतात अशा एखाद्या वडीलधाऱ्याबरोबर जाणे चांगले. पत्रिका, अक्षत, नारळ न्यावा. पाणी दिले तर ते प्यावे, चहा झाला तर नाही म्हणू नये. अबोल्याच्या घरी घेतलेला पाण्याचा घोटही नात्याच्या खात्यात जमा होतो. बोलणे थोडक्यात असावे: ‘काका, अठ्ठावीसला लग्न आहे. तुमच्या आणि बाबांच्या व्यवहारातलं मला कळत नाही आणि त्यावर मी बोलणारही नाही. तुम्ही आणि काकू आलात तर मला फार बरं वाटेल.’ आणि इथे थांबावे. ‘लोक काय म्हणतील म्हणून आलो’ हे वाक्य आलेले पाऊल फुकट घालवते. ‘झालं गेलं विसरून जा’ हेही टाळावे, कारण ज्याला लागले आहे त्याने काय विसरावे हे पाहुण्याने ठरवायचे नसते. पुष्कळदा उत्तर येते, ‘तुझ्या बापाला येऊन बोलवायला सांग.’ वडिलांचे मन होत असेल तर त्यांनी जावे. एका फेरीने वर्षांचा अबोला मिटल्याची उदाहरणे प्रत्येक भावकीत सापडतात. मन होत नसेल तर घासाघीस करू नये. निमंत्रण पोचले, येणे न येणे त्यांच्याकडे. अर्धवट निमंत्रण मात्र देऊ नये. कोणाच्या तरी हातून उशिरा पाठवलेली, नावाच्या जागी नुसते आडनाव घातलेली पत्रिका न मिळालेल्या पत्रिकेपेक्षा जास्त लागते.

निमंत्रण आणि मान यांची फारकत करता येते, हे पुष्कळ घरांच्या ध्यानात येत नाही. मामाने भाचीला बोहल्याकडे आणायचे, नवरीच्या भावाने कानपिळी करायची, आईवडिलांनी कन्यादान करायचे, असे मान ठरलेले असतात. ‘मामाला बोलावलं नाही तर मुलीला कोण आणणार?’ या एका प्रश्नापायी नको असलेल्या माणसाला बोलावले जाते. वास्तविक चुलतमामा, मावसमामा किंवा मावशीही हे काम करते आणि विधीत काही उणे राहत नाही. कन्यादानाबद्दल याज्ञवल्क्यस्मृतीच्या आचाराध्यायात क्रमच दिला आहे: वडील, आजोबा, भाऊ, कुळातला पुरुष आणि आई. आधीचा नसेल तर पुढच्याने करावे, आणि करणारा स्वस्थ चित्ताचा असावा, असेही तिथे म्हटले आहे. दान करणारे कोणीच नसेल तर मुलीने स्वतः वर निवडावा, अशीही मुभा आहे. आजचा कायदा त्याहून मोकळा आहे. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यातील सातवे कलम दोघांपैकी एकाच्या रूढीतले विधी पुरेसे मानते, आणि कन्यादान हा विवाहाचा अनिवार्य विधी नाही असे अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२४ मध्ये म्हटले. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात तीन साक्षीदार लागतात आणि ते नात्यातले असण्याची अट नाही. टाकून गेलेल्या बापाला केवळ कन्यादानासाठी शोधून आणण्याची गरज ना धर्मशास्त्रात आहे ना कायद्यात. एकटीने मुलीला वाढवलेल्या आईला त्या पाटावर बसण्याचा पूर्ण अधिकार आहे, आणि तिला बाजूला सारून त्या बापाला बसवणे हा तिच्यावर अन्याय आहे.

पिणाऱ्या किंवा वचावचा बोलणाऱ्या नातेवाइकाची सोय तुलनेने सोपी असते. ज्याचे तो ऐकतो असा एक माणूस दिवसभर त्याच्यासोबत द्यावा, त्याला आदल्या रात्री मुक्कामाला न बोलावता थेट मुहूर्ताला आणावे, जेवणानंतर गाडीने घरी पोचवावे. टोमणे मारणाऱ्या मावशीची जागा नवरीच्या खोलीपासून लांब असावी. एवढ्यावर बहुतेक वेळा भागते.

धोक्याची गोष्ट मात्र वेगळी आहे. ज्याने नवऱ्या मुलीवर किंवा मुलावर लहानपणी लैंगिक अत्याचार केला, ज्याने आईला वर्षानुवर्षे मारले, ज्याने या लग्नावरूनच धमक्या दिल्या, अशा माणसाच्या नावापुढे ‘पण सख्खा आहे’ हे कारण चालत नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या वार्षिक अहवालांत वर्षानुवर्षे दिसते की नोंदलेल्या बलात्कारांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिक गुन्ह्यांत आरोपी पीडितेच्या ओळखीचा असतो, आणि ओळखीच्यांत नातेवाईकही येतात. लग्नघर अशा माणसाला सोयीचे असते. आदल्या रात्री कार्यालयाच्या खोल्यांत ज्याला जिथे गादी मिळेल तिथे तो झोपतो. मोठी माणसे मेंदी, रुखवत, सामान यांत गुंतलेली असतात. लहान मुले या कडेवरून त्या कडेवर फिरतात आणि ‘काकांकडे जा, चॉकलेट देतील’ असे सहज म्हटले जाते. म्हणून त्याला न बोलावणे म्हणजे जुन्या गोष्टीचा सूड नव्हे. त्या दिवशी तिथे असणाऱ्या मुलांची ती राखण आहे. मुलावर असा गुन्हा झाल्याची माहिती असलेल्याने पोलिसांना कळवणे २०१२ च्या पॉक्सो कायद्याने बंधनकारक आहे, आणि मुलांसाठीची १०९८ ही मदतवाहिनी चोवीस तास चालते. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली संपर्क न करण्याचा आदेश असेल, तर त्या माणसाला आग्रहाने बोलावणारे नातेवाईक त्याला तो आदेश मोडायलाच सांगत असतात.

या बाबतीत निर्णय कोणाचा, हे सांगायला कचरू नये. ज्याला अपाय झाला त्याचा. लग्नाचा खर्च कोण करतो, वडीलधारे कोण, पाहुणे किती लांबून येणार, याने त्यात फरक पडत नाही. मुलगी ‘तो नको’ म्हणाली आणि कारण सांगायला तयार नसेल, तर कारण न मागता नाव काढावे. ‘तेव्हा का नाही बोललीस’ असे विचारणारी आई पुढे काही ऐकण्याची संधीही गमावते. भांडणाच्या आणि त्रासाच्या प्रकरणांत मात्र वर-वधूंनी आईवडिलांचे ऐकून घेणे योग्य. लग्न एका दिवसाचे असते आणि भावकीत आईवडिलांना राहायचे असते. आजीला तिचा रुसलेला मुलगा एकदा डोळ्यांसमोर हवा असेल, तर तेवढ्यासाठी एक तास त्रासाचा सोसावा.

कधी कधी ‘अवघड’ म्हणून बाजूला काढलेल्या माणसाने काहीच केलेले नसते. जातीबाहेर लग्न केलेली चुलतबहीण, घटस्फोटित आतेबहीण, विधवा काकू, पुरुष जोडीदारासोबत राहणारा भाऊ. ते आले तर सासरचे काय म्हणतील, या धास्तीने त्यांना पत्रिका जात नाही, किंवा जाते पण ‘विधीला थोडं मागे बसा’ असे सुचवले जाते. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने विधवांवर लादलेल्या प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि राज्य सरकारने इतर ग्रामपंचायतींनाही त्याचे अनुकरण करायला सांगितले. तरीही विधवा काकूला ओवाळायला बोलावताना अनेक घरे आजही अडखळतात. जातपंचायतीच्या सांगण्यावरून कोणाला वाळीत टाकणे तर गुन्हाच आहे. जुलै २०१७ पासून लागू झालेल्या महाराष्ट्राच्या सामाजिक बहिष्कारविरोधी कायद्यात त्यासाठी तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही आहेत. एखाद्या घराने कोणाला बोलवावे हे त्या घराचे स्वातंत्र्य. ‘यांच्या लग्नाला कोणी जायचे नाही’ असे समाजाला फर्मावणे हा अपराध.

नाव काढायचे ठरले की ते पत्रिका छापायला जाण्यापूर्वी ठरावे, आणि घरातल्या सगळ्यांना एकच उत्तर माहीत असावे. लग्न छोटे असल्याचे कारण सर्वांत कमी दुखावते, पण ते खरे असले तरच. एप्रिल २०२१ मध्ये राज्यात लग्नाला फक्त पंचवीस माणसांची परवानगी होती, तेव्हा कोणाला वगळले यावर फारसे रुसवे झाले नाहीत, कारण नियम सगळ्यांना सारखा होता. आजही ‘फक्त सख्खे’ किंवा ‘फक्त आजी-आजोबा आणि भावंडे’ अशी रेघ नात्यावर ओढली तर ती पटते. तीन सख्ख्या काकांपैकी दोघांना बोलावून मग लग्न छोटे असल्याचे सांगितले तर कोणी विश्वास ठेवत नाही. तिथे खरे तेच, मोजक्या शब्दांत सांगणे बरे: ‘या लग्नाला तुम्हाला बोलावत नाही आहोत. आमचा निर्णय झाला आहे.’ व्याह्यांनाही आधी कल्पना द्यावी, नाहीतर नेमका तोच माणूस त्यांच्या ओळखीने आत येतो. येईलच अशी शंका असेल, तर दारावर नात्यातल्या शांत डोक्याच्या दोघांना उभे करावे, त्यांना फोटो दाखवून ठेवावा आणि नवरा-नवरीला मधे घेऊ नये. धमकी असेल तर आधीच पोलीस ठाण्यात लेखी कळवावे.

बोलावले तरी त्या एका दिवसात सगळे जुळेल अशी आशा ठेवू नये. अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठातील कार्ल पिलेमर यांनी दुरावलेल्या कुटुंबांचा मोठा अभ्यास २०२० मध्ये प्रसिद्ध केला. त्यांच्या पाहणीत सुमारे सत्तावीस टक्के प्रौढांचे एखाद्या नातेवाइकाशी संबंध तुटलेले आढळले. ज्यांचे पुन्हा जुळले त्यांच्यापैकी अनेकांनी, समोरच्याने भूतकाळाची आपली बाजू मान्य करावी हा हट्ट सोडलेला होता. हे काम लग्नाच्या मांडवात होत नाही. काका आले, अक्षता टाकल्या, जेवले आणि वडिलांशी न बोलता गेले, तर तेही यश समजावे. आणि भांडणापायी ज्यांना बोलावणे झाले नाही किंवा बोलावूनही जे आले नाहीत, त्यांच्या घरी सत्यनारायणानंतर नव्या जोडप्याने पेढे घेऊन नमस्काराला जाण्याची पद्धत अजून अनेक घरांत आहे. त्या भेटीला मुहूर्त किंवा पत्रिका लागत नाही.